एअर सस्पेन्शनचा हाइट सेन्सर: आधी टेप लावा, मग पाना हातात घ्या

एअर सस्पेन्शनची गाडी एका कोपऱ्यावर बसली की गॅरेजमध्ये निदान तयारच असतं: "बलून गेला." बलून म्हणजे स्प्रिंगऐवजी गाडी तोलणारी, हवा भरलेली रबरी पिशवी. तो बदलूनही गाडी सरळ झाली नाही, तर पाळी हवा पुरवणाऱ्या कंप्रेसरची. हे दोन्ही सुटे भाग महाग आहेत. खरा दोष मात्र कित्येकदा वीतभर लांबीच्या एका लिंकमध्ये किंवा वायर जोडणाऱ्या, पाणी शिरलेल्या कपलरमध्ये असतो. म्हणून कोणताही भाग मागवण्याआधी गाडीची उंची टेपने मोजा, तोच आकडा स्कॅनरवर बघा आणि दोन्ही एकमेकांशी ताडून पाहा. यात अर्धा तास जातो आणि पुढची दिशा तिथेच ठरते.

सेन्सर करतो काय

हाइट सेन्सरचा डबा गाडीच्या बॉडीला किंवा सबफ्रेमला बसवलेला असतो. त्यातून एक छोटी दांडी बाहेर येते. ती दांडी आणि सस्पेन्शनचा खालचा आर्म यांना दोन्ही टोकांना बॉल असलेली लिंक जोडते. चाक वर-खाली झालं की लिंक दांडी फिरवते आणि सेन्सर त्या फिरण्याचा कोन विजेच्या भाषेत कंट्रोल युनिटला कळवतो. युनिट तो आकडा ठरलेल्या उंचीशी ताडतं. गाडी खाली वाटली तर त्या कोपऱ्याचा व्हॉल्व्ह उघडून हवा भरतं, वर वाटली तर हवा सोडतं.

म्हणजे युनिटला गाडी दिसत नाही, फक्त दांडीचा कोन कळतो. लिंक निखळून दांडी लोंबकळली तरी युनिट त्याच कोनावर विश्वास ठेवतं. सेन्सर कसा बसवलाय त्यानुसार मग तो कोपरा आभाळाकडे जातो किंवा जमिनीला टेकतो. युनिट सतत हवा भरत-सोडत राहिलं तर कंप्रेसर तापतो. सेन्सरच्या दोषाकडे महिनाभर दुर्लक्ष केलं की चांगला कंप्रेसरही जळतो, तो असा.

बहुतेक गाड्यांत चार कोपऱ्यांना चार सेन्सर असतात, पण सगळीकडे हिशेब सारखा नाही. मर्सिडीजच्या डब्ल्यू२२० एस-क्लासमध्ये पुढे दोन आणि मागे एकच आहे. बीएमडब्ल्यूच्या ई७० एक्स५मध्ये हवेचं सस्पेन्शन फक्त मागच्या ॲक्सलला मिळतं. आपल्या गाडीत किती सेन्सर आहेत आणि कुठे आहेत, हे आधी पक्कं करा.

ठाणे-नवी मुंबईत हे जास्त का होतं

सेन्सर चाकाच्या मागे, चिखल-पाण्याच्या थेट माऱ्यात बसतो. जून ते सप्टेंबर घोडबंदर रस्त्यावर मेट्रोच्या खांबांखालून जाताना उडणाऱ्या पाण्यात माती आणि सिमेंटची खळ असते. ती लिंकच्या बॉलवर वाळली की बॉल जाम होतो, आणि जाम बॉलवर खड्ड्याचा एक झटका आला की प्लास्टिकची लिंक तुटते. ऐरोली, कोपरखैरणे, वाशी या खाडीलगतच्या भागात खारट दमट हवा कपलरच्या तांब्याच्या पिनांना हिरवा गंज आणते. वॉशिंग सेंटरवरचा जोरदार फवारा चाकाच्या आत मारला, तर चांगल्या कपलरमध्येही पाणी शिरतं. पोडियम पार्किंगमधले उंदीर वायरिंग कुरतडतात, तेव्हा पावसाचा दोष म्हणून आलेल्या गाडीत तुटलेली वायर निघते.

लक्षणांवरून पहिला अंदाज

रात्री गाडी सरळ होती, सकाळी एक कोपरा बसलेला आहे आणि इंजिन सुरू केल्यावर तो हळूहळू वर येतो, तर ही हवेची गळती आहे. सेन्सर इथे निर्दोष आहे. साबणाचं पाणी घेऊन बलून, पाइपचे जोड आणि व्हॉल्व्ह ब्लॉक तपासा.

उभी असताना ठीक असलेली गाडी इंजिन सुरू केल्यावर वाकडी होते, किंवा वाकडीच राहते आणि युनिटला त्याचं काहीच वाटत नाही, तर सेन्सर, लिंक किंवा कॅलिब्रेशनकडे (युनिटमध्ये भरलेल्या मूळ उंचीच्या आकड्यांकडे) बघा. खड्ड्यातून गेल्यावर इशाऱ्याचा दिवा लागतो आणि गाडी बंद करून चालू केली की जातो, तेव्हा पहिला संशय सैल कपलरवर घ्या. हेडलाइटचा झोत अचानक फार वर किंवा फार खाली गेला असेल, तर तीही खूण आहे. अनेक गाड्यांत हेडलाइटची आपोआप होणारी उंची याच सेन्सरच्या आकड्यावर चालते.

दोन गोष्टी फसवतात. काही गाड्या, उदाहरणार्थ लँड रोव्हर डिस्कव्हरी ३, उभ्या असताना मधूनमधून जाग्या होतात आणि सर्वांत खाली गेलेल्या कोपऱ्याच्या पातळीला बाकीचे कोपरेही उतरवतात. त्यामुळे सगळी गाडी सारखी बसली तरी गळती एकाच बलूनची असू शकते. दुसरी गोष्ट तिरप्या जोडीची. पुढचा डावा कोपरा चुकून जास्त वर गेला की बॉडी पिळली जाते आणि मागच्या उजव्या कोपऱ्यावरचा भारही बदलतो. मग दोन सेन्सर गेल्यासारखे दिसतात आणि बिघडलेला एकच असतो.

टेप आणि स्क्रीन

आधी बॅटरी बघा. इंजिन बंद असताना १२.४ व्होल्टच्या खाली असेल तर चार्ज करा. कमजोर बॅटरीवर सस्पेन्शनचे खोटे कोड (युनिटने नोंदवलेले दोषक्रमांक) येतात आणि त्यांच्या मागे लागलं की दिवस फुकट जातो. टायरमधली हवाही बरोबर करून घ्या.

मग सपाट जागा शोधा. सोसायटीचा पोडियम सपाट वाटतो, पण पाणी निचरण्यासाठी स्लॅबला उतार दिलेला असतो. गवंडी वापरतात ती पाणी भरलेली पारदर्शक नळी चारही टायरांच्या जागी धरून बघा, फरक लगेच दिसतो. त्याहून सोपं म्हणजे व्हील अलाइनमेंटवाल्याच्या रॅम्पवर गाडी घेणं, कारण तो सपाट करूनच बसवलेला असतो.

गाडी नॉर्मल उंचीवर ठेवा, आत कुणी बसू देऊ नका, दारं बंद ठेवा. चाकाच्या मध्यबिंदूपासून सरळ वर मडगार्डच्या कडेपर्यंत मिलिमीटरमध्ये मोजा. जमिनीपासून मोजू नका, नाहीतर टायरची झीज आणि हवा आकड्यात शिरते. चारही कोपरे कागदावर लिहा. एकाच ॲक्सलच्या डाव्या-उजव्या बाजूत १० मिलिमीटरच्या वर फरक असेल तर तो तपासायलाच हवा.

आता स्कॅनर लावा. साधा इंजिन-कोड वाचणारा स्कॅनर इथे उपयोगाचा नाही. सस्पेन्शन युनिटचा लाइव्ह डेटा दाखवणारा हवा. ऑडी-फोक्सवॅगनसाठी व्हीसीडीएसमध्ये ३४ क्रमांकाचं लेव्हल कंट्रोल, मर्सिडीजसाठी झेंट्री, बीएमडब्ल्यूसाठी इस्टा. लँड रोव्हरमध्ये सी१ए०३ ते सी१ए०६ हे कोड अनुक्रमे पुढचा डावा, पुढचा उजवा, मागचा डावा आणि मागचा उजवा सेन्सर दाखवतात. कोड सर्किटकडे बोट दाखवतो. दोष सेन्सरमध्ये आहे, वायरमध्ये आहे की कपलरमध्ये, हे कोड सांगत नाही.

समजा पुढच्या डाव्या चाकावर टेप ४२० मिलिमीटर दाखवते आणि उजव्यावर ४५२. स्क्रीनवर डावी बाजू तेवढीच खाली दिसत असेल तर सेन्सर खरं बोलतोय. युनिटला कळतंय की कोपरा बसलाय, पण तो उचलायला हवा पोहोचत नाही. दोष हवेच्या बाजूला आहे. स्क्रीनवर दोन्ही बाजू जवळजवळ सारख्या दिसत असतील तर युनिटला चुकीची बातमी मिळतेय, आणि मग सेन्सर, त्याची लिंक किंवा जुनं कॅलिब्रेशन यांपैकीच एक दोषी आहे. आकडा एकाच जागी थिजला असेल, मधूनच उड्या मारत असेल किंवा टोकाला चिकटला असेल तर विजेकडचा दोष धरा. काही स्कॅनर थेट उंची दाखवत नाहीत, ठरलेल्या उंचीपासूनचा फरक दाखवतात. आकड्याचा अर्थ काय, हे वाचून मगच निष्कर्ष काढा.

लिंक, कपलर आणि ५ व्होल्ट

चाक पूर्ण वळवून टॉर्चने आत बघा. लिंकची दोन्ही टोकं बॉलवर बसलेली आहेत का? सेन्सरची दांडी वाकली आहे का? ब्रॅकेट गंजून हलतंय का? जिथे सेन्सर शाबूत आणि लिंक तुटलेली असते, तिथे अनेक गाड्यांना लिंक सुटी मिळते आणि ती सेन्सरच्या किमतीच्या थोड्याशा भागात येते. लिंक मागवताना लांबी मूळ लिंकइतकीच हवी. गाडी खाली बसवण्यासाठी कमी-जास्त लांबीच्या लिंक विकल्या जातात, त्या दुरुस्तीसाठी बसवू नका. सेकंडहँड गाडीत कोपरा वाकडा असेल तर आधीच्या मालकाने अशी लिंक लावली आहे का, हेही बघा.

कपलर काढून पिना उजेडात धरा. हिरवा थर, ओल किंवा मागे सरकलेली पिन दिसली तर कॉन्टॅक्ट क्लीनरने साफ करा, वाळवा, पुन्हा लावा आणि कोड पुसून दोन दिवस गाडी चालवून बघा. एवढ्यावर काम झालं तर पुढचं काहीच करायचं नाही.

विजेची तपासणी अशी करा. इग्निशन चालू, कपलर काढलेला. बहुतेक तीन-वायर सेन्सरमध्ये एक सप्लाय, एक अर्थ (अर्थिंगची वायर) आणि एक सिग्नल असतो. सप्लाय आणि अर्थ यांच्यात सुमारे ५ व्होल्ट, म्हणजे ४.८ ते ५.२ मिळायला हवेत. मिळाले नाहीत तर दोष वायरिंगचा किंवा युनिटकडचा, आणि नवा सेन्सर बसवून काहीही बदलणार नाही. कपलर परत लावून मागच्या बाजूने बारीक पिन घालून सिग्नल मोजा. व्होल्टेज देणाऱ्या सेन्सरमध्ये तो साधारण ०.५ ते ४.५ व्होल्टच्या दरम्यान असतो. सलग शून्य किंवा सलग ५ म्हणजे तुटलेली किंवा चिकटलेली वायर.

काही गाड्यांचे सेन्सर व्होल्टेजऐवजी स्पंदनांच्या रुंदीतून सिग्नल देतात. तिथे मल्टिमीटरचा आकडा दिशाभूल करतो, लाइव्ह डेटाच बघा. सेन्सरच्या पिनांमध्ये ओहम मोजण्याचाही उपयोग नाही. आत इलेक्ट्रॉनिक सर्किट आहे, साधी वायरची गुंडाळी नाही.

सगळ्या सेन्सरचे कोड एकदम आले तर चार सेन्सर मागवू नका. ५ व्होल्टचा सप्लाय अनेक ठिकाणी सामायिक असतो आणि एका शॉर्ट झालेल्या सेन्सरमुळे बाकीचेही मेल्यासारखे दिसतात. एकेक कपलर काढत जा. ज्याचा काढल्यावर ५ व्होल्ट परत आले, तो दोषी.

शेवटची परीक्षा हाताने दांडी फिरवून होते, आणि सर्वांत धोक्याची जागाही हीच. लिंक काढून दांडी खाली केली की युनिटला वाटतं, कोपरा वर गेलाय. ते लगेच व्हॉल्व्ह उघडतं, हवा सुटते आणि गाडी खाली येते, तुमचा हात आत असताना. म्हणून ही तपासणी गाडी स्टँडवर असताना, जॅक मोड (युनिटचं आपोआप हवा भरणं-सोडणं थांबवणारी सेटिंग) चालू करून आणि सस्पेन्शनचा फ्यूज किंवा कंप्रेसरचा रिले काढूनच करा. फ्यूज काढल्याने सेन्सरचा सप्लायही जात असेल तर फक्त रिले काढा आणि अंगाचा कुठलाही भाग गाडीखाली ठेवू नका. दांडी टोकापासून टोकापर्यंत हळू फिरवा आणि सहकाऱ्याला स्क्रीन बघायला सांगा. आकडा सलग बदलला पाहिजे. मध्येच गचका किंवा खंड आला तर सेन्सर गेला.

बदलण्याची तयारी

सेन्सरवर छापलेला पार्ट नंबर शेवटच्या अक्षरासकट जुळवा. डावा आणि उजवा, पुढचा आणि मागचा बाहेरून जुळे भाऊ दिसतात, पण दांडीचा कोन वेगळा असतो. हेला ही कंपनी असे सेन्सर अनेक कारखान्यांना पुरवते, त्यामुळे कारखान्याच्या खोक्यातला भाग आणि हेलाच्या खोक्यातला भाग एकच असू शकतो. कुर्ल्याच्या जुन्या पार्टच्या बाजारातून घ्यायचाच असेल तर दांडी हाताने फिरवून बघा. अडकत असेल, खडखडत असेल किंवा पिना हिरव्या असतील तर ठेवून द्या. आमच्या मते सेन्सर नवाच घ्यावा, जुना घ्यायचा तर ब्रॅकेट घ्या.

हत्यारं फार लागत नाहीत: ८ आणि १० मिलिमीटरचे सॉकेट, टी२५ आणि टी३० टॉर्क्स, प्लास्टिकची पट्टी, तारेचा ब्रश, गंज सोडवणारा स्प्रे, छोटा टॉर्क पाना, चाकासाठी मोठा टॉर्क पाना, दोन जॅक स्टँड आणि चाकांना लावायला ठोकळे.

प्रत्यक्ष काम

गाडी सर्वांत वरच्या उंचीवर न्या, मग जॅक मोड किंवा सर्व्हिस मोड चालू करा. हा मोड न लावता जॅक दिला तर युनिट चाकं लोंबकळताना बघून हवा सोडू लागतं. ठोकळे लावा, कंपनीने दाखवलेल्या जागी जॅक द्या आणि लगेच स्टँड ठेवा. नुसत्या जॅकवर किंवा बलूनच्या भरवशावर गाडीखाली कधीही जाऊ नका. एक नट लवकर काढण्यासाठी हात घातला आणि बलून बसला, असे अपघात होतात. सेन्सर बदलायला हवेचा एकही पाइप उघडावा लागत नाही, म्हणून त्यांना हात लावू नका.

चाक काढा, लागल्यास लाइनरचा (चाकावरच्या प्लास्टिकच्या आवरणाचा) पुढचा भाग सोडवा. काही सोडवण्याआधी तीन बाजूंनी फोटो काढा. दांडी कोणत्या दिशेला आहे, लिंक ब्रॅकेटच्या आत आहे की बाहेर, वायर कोणत्या क्लिपमधून जाते, हे फोटोत स्पष्ट दिसायला हवं.

आधी चिखल ब्रशने काढा. मातीसकट नट फिरवला तर आटे जातात. स्प्रे मारून अर्धा तास थांबा. लिंकचा नट फिरवताना बॉलची पिनही फिरते, म्हणून पिन दुसऱ्या पान्याने किंवा टॉर्क्सने धरून ठेवा. काही लिंक नुसत्या दाबून बसवलेल्या असतात. त्या प्लास्टिकच्या पट्टीने बॉलच्या अगदी जवळून उचकटा, मधून ओढलं की लिंक मोडते. कपलरचं कुलूप आधी सरकवा, मग दाबून काढा. वायर धरून ओढू नका.

सेन्सर साधारण दोन-तीन एम६ बोल्टवर असतो. बोल्ट ॲल्युमिनियमच्या ब्रॅकेटमध्ये गंजलेला असेल तर जोर लावायच्या आधी थोडा घट्ट, थोडा सैल असा हलवा. मान तुटली तर ड्रिल करून आटे नव्याने पाडण्यात अर्धा दिवस जातो. गॅसची ज्योत इथे नको, शेजारी प्लास्टिक आणि रबर आहे.

नवा सेन्सर बसवताना बोल्ट आधी बोटांनी दोन-तीन आटे जाऊ द्या. टॉर्क गाडीच्या पुस्तिकेतला घ्या, एम६ला तो सहसा ८ ते १० न्यूटन मीटरच्या आसपास असतो. पिनांवर डायइलेक्ट्रिक ग्रीसचा पातळ थर पुरतो. भरपूर भरलं तर कपलर नीट बसत नाही. टक असा आवाज आल्यावरच कुलूप लावा, वायर मूळ क्लिपमध्येच अडकवा.

आता एक गोष्ट नीट बघा. हबखाली दुसरा जॅक देऊन चाकाची जागा हळू वर-खाली करा. लिंक आणि दांडी यांच्यातला कोन सगळ्या चालीत एकाच बाजूला राहिला पाहिजे. चाक पूर्ण लोंबकळताना दांडी लिंकच्या रेषेत येऊन पलीकडे उलटत असेल, तर ती उलटी बसली आहे. अशी गाडी पहिल्या मोठ्या खड्ड्यात लिंक उलटवते आणि तिथून पुढचे सगळे आकडे खोटे.

चाक लावा आणि गाडी हळू खाली घ्या. बलून रिकामा असेल तर पूर्ण वजन एकदम टेकवू नका. रिकाम्या बलूनची घडी चुकीच्या जागी पडते आणि भार आला की रबर चिमटतं. थोडं वजन टेकवून जॅक मोड बंद करा, इंजिन सुरू करा, बलून आकार घेऊ दे, मग जॅक काढा. चाकाचे बोल्ट टॉर्क पान्याने कंपनीच्या आकड्यावर घट्ट करा.

कॅलिब्रेशन टाळू नका

नव्या सेन्सरचा शून्यबिंदू जुन्याशी तंतोतंत जुळत नाही. दांडीच्या एक-दोन अंशांच्या फरकानेही चाकाजवळ कित्येक मिलिमीटर फरक पडतो. म्हणून पुन्हा सपाट जागा, बरोबर टायर हवा, रिकामी गाडी, सरळ स्टीअरिंग. गाडी दोन-चार फूट मागे-पुढे ढकलून सस्पेन्शन मोकळं होऊ द्या, मग चारही कोपरे तीन-तीनदा मोजा.

ऑडीसारख्या गाड्यांत हे मोजलेले आकडे स्कॅनरमधून एकेका कोपऱ्यासाठी भरायचे आणि शेवटी मंजूर करायचे. इथे एक चूक फार होते. लोक हवी असलेली उंची भरतात, तर युनिटला आत्ता प्रत्यक्ष असलेली उंची हवी असते. त्यावरूनच ते फरक काढतं. मर्सिडीजमध्ये पद्धत वेगळी आहे. तिथे कंट्रोल आर्मचा कोन खास कोनमापकाने घेतात, त्यामुळे वागळे इस्टेट किंवा तुर्भ्यात गाडी देताना ते उपकरण आहे का, हे आधी विचारा. टेपने अंदाज लावून केलेलं कॅलिब्रेशन या गाड्यांत टिकत नाही.

उंची जुळल्यावर हेडलाइटची मूळ सेटिंग करा, व्हीसीडीएसमध्ये ती ५५ क्रमांकाला आहे. व्हील अलाइनमेंट त्यानंतर. चुकीच्या उंचीवर केलेलं अलाइनमेंट उंची बदलली की वाया जातं आणि टायर आतून झिजतात.

कोड पुसा, गाडी तिच्या सगळ्या उंचींवर दोनदा नेऊन आणा, लाइव्ह डेटा चालू ठेवून पाम बीच मार्गासारख्या गुळगुळीत रस्त्यावर पंधरा-वीस मिनिटं चालवा. त्यानंतर एखाद्या खडबडीत रस्त्यावरून न्या. कोड परत आला तर कपलरची वायर हलवून आकडा उडी मारतो का ते बघा. रात्री गाडी त्याच जागी लावून चारही कोपरे मोजून ठेवा आणि सकाळी इंजिन सुरू करण्याआधी पुन्हा मोजा. एकच कोपरा काही मिलिमीटरपेक्षा जास्त उतरला असेल तर सेन्सरचं काम झालं, पण त्याच कोपऱ्यात हवेची गळतीही आहे आणि साबणाचं पाणी आता तिथे लावायचं आहे. जुन्या सेन्सरची लिंक शाबूत असेल तर फेकू नका, कापडात गुंडाळून डिकीत ठेवा. पावसाळ्यात घोडबंदरला ती अर्ध्या रस्त्यात तुटली, तर दहा मिनिटांत बदलता येते.